मामट्रासना, १८८२: सहा मिनिटांचा निकाल आणि त्याआधीचे तीन महिने

आयर्लंडच्या फौजदारी खटल्यांचा विषय निघाला की मामट्रासनाचं नाव पहिल्या दोन-तिनांत येतं आणि गोष्ट बहुधा एकाच पद्धतीनं सांगितली जाते. मामट्रासना या खेड्यात एका घरातल्या पाच जणांची हत्या, आरोपींतला फक्त आयरिश बोलणारा माइल्स जॉइस, डब्लिनमधलं इंग्रजी न्यायालय, एक शब्दही न कळता झालेली फाशीची शिक्षा. यात खोटं काही नाही. पण एवढंच सांगितलं की वाटतं, एक बरा दुभाषा मिळाला असता तर माणूस वाचला असता. कागद नीट पाहिले तर तसं दिसत नाही. माइल्सची फाशी न्यायालयाचं दार उघडण्याआधीच जवळजवळ पक्की झाली होती, आणि ती कशी झाली हे पायरीपायरीनं पाहता येतं.

आधी जागा. गॉलवे आणि मेयो या दोन परगण्यांच्या सीमेवर लॉक मास्क नावाचं मोठं तळं आहे. त्याच्या काठचा डोंगराळ मुलूख ‘जॉइस कंट्री’ म्हणून ओळखला जातो, कारण तिथे निम्म्या घरांचं आडनाव जॉइस. उरलेल्यांत केसी बरेच. म्हणूनच या खटल्यात मारले गेलेले जॉइस, साक्षीदार जॉइस, फाशी गेलेल्या तिघांतले दोघे जॉइस. मेलेल्या जॉन जॉइसखेरीज साक्षीदारांतही एक जॉन जॉइस आहे. पॅट्रिक तर जागोजागी. गावात माणसं बापाच्या किंवा वाडीच्या नावानं ओळखली जात, पण पोलिसांच्या कागदावर सगळे एकाच साच्यातले. हा खटला वाचायला घेणाऱ्यानं पहिल्याच दिवशी एक कोरा कागद घेऊन प्रत्येक नावापुढे वाडी लिहून ठेवावी, नाहीतर चौथ्या पानावर गाडी रुळावरून घसरते.

१७ ऑगस्ट १८८२ च्या रात्री मामट्रासनातल्या जॉन जॉइसच्या घरात काही माणसं घुसली. जॉन, त्याची बायको ब्रिजेट, म्हातारी आई मार्गारेट आणि मुलगी पेगी जागीच ठार झाले. मुलगा मायकेल दुसऱ्या दिवशी गेला. धाकटा पॅट्सी, वय नऊ-दहा, जखमी होऊन वाचला. थोरला मार्टिन दुसऱ्या गावी चाकरीला होता म्हणून सुटला. सकाळी शेजारचा जॉन कॉलिन्स लोकर पिंजायच्या फण्या मागायला आला, तेव्हा त्याला दार मोडलेलं दिसलं. हत्येमागचा हेतू शेवटपर्यंत नक्की सिद्ध झाला नाही. जॉन मेंढ्या चोरतो असा गावात संशय होता, गुप्त संघटनेचं नावही घेतलं गेलं.

वेळ सरकारसाठी फार वाईट होती. ६ मे रोजी डब्लिनच्या फिनिक्स पार्कमध्ये ब्रिटिश सरकारचे आयर्लंडमधले मुख्य सचिव लॉर्ड फ्रेडरिक कॅव्हेंडिश आणि उपसचिव टी. एच. बर्क यांना भोसकून मारलं होतं, आणि मारेकरी अजून मोकळे होते. याच लॉक मास्कमध्ये त्या वर्षी जानेवारीत जमीनदार लॉर्ड आर्डिलॉनचा कारभारी जोसेफ हडी आणि त्याचा नातू यांची प्रेतं सापडली होती. जमिनीच्या आंदोलनानं सगळा पश्चिम भाग पेटलेला. अशात एका घरातली पाच माणसं कापली जातात आणि दोन दिवसांत तीन प्रत्यक्षदर्शी साक्षीदार आपणहून पुढे येतात. डब्लिन कॅसलमधल्या, म्हणजे ब्रिटिश राजवटीच्या मुख्यालयातल्या अधिकाऱ्यांनी सुटकेचा निःश्वास टाकला असणार.

हे तिघे म्हणजे अँथनी जॉइस, त्याचा भाऊ जॉन आणि त्यांच्याच घरातला तरुण पॅट्रिक. अँथनीचं म्हणणं असं: रात्री कुत्रा भुंकला म्हणून जाग आली, बाहेर सहा माणसं जाताना दिसली. काहीतरी काळंबेरं आहे असं वाटून तो मागच्या वाटेनं भावाकडे गेला, मग तिघे मिळून त्या टोळीच्या मागावर निघाले. मायकेल केसीच्या घरी आणखी चारजण मिळाले, म्हणजे एकूण दहा. तिथून डोंगरातनं मैलोगणती चालत ते जॉनच्या घरापर्यंत गेले. झुडपाआड लपून दार फुटल्याचा आवाज आणि किंकाळ्या ऐकल्या, आणि घरी पळून आले. दहाच्या दहा माणसं त्यांनी नावानिशी ओळखली.

या साक्षीत उलटतपासणीला भरपूर जागा होती. रात्रीची वेळ, डोंगराची वाट, मागून जाणारे तिघे आणि पुढचे दहा. पुढच्यांतल्या एकालाही मागची चाहूल लागत नाही, मागच्यांना मात्र पुढच्या प्रत्येकाचा चेहरा दिसतो. शिवाय अँथनी आणि माइल्स चुलतभाऊ, आणि त्यांच्यात जुनं वैर. वैर असलेल्या माणसाची साक्ष खोटीच असते असं नाही, पण ज्युरीसमोर ती त्या उजेडात ठेवायची असते. ती पुरेशी ठेवली गेली नाही. या तिघांना पुढे सरकारी तिजोरीतून मिळून १,२५० पौंड दिले गेले. त्या काळी जॉइस कंट्रीतल्या शेतकऱ्यानं जन्मभर राबूनही एवढी रक्कम एकत्र पाहिली नसती. कागदोपत्री त्याला ‘भरपाई’ असं नाव होतं.

आता कायद्याची चौकट. १८८२ चा गुन्हेप्रतिबंधक कायदा जुलैमध्येच मंजूर झाला होता. त्यात एक तरतूद अशी होती की गंभीर खटले ज्युरीविना तीन न्यायाधीशांपुढे चालवावेत. ती न्यायाधीशांनाच पसंत पडली नाही, बॅरन फिट्झजेराल्ड यांनी तर निषेध म्हणून पद सोडलं, आणि ती तरतूद कधी वापरलीच गेली नाही. पण दुसरी हत्यारं वापरली गेली: खटला घटनेच्या परगण्यातून उचलून दुसरीकडे नेता येई आणि ‘विशेष ज्युरी’ मागता येई. विशेष ज्युरीत बसायला मालमत्तेची अट मोठी. म्हणजे गॉलवेच्या डोंगरातल्या माणसाचा न्याय डब्लिनचे व्यापारी आणि घरमालक करणार.

ज्युरी निवडण्याची रीत याहून बारीक होती. आरोपीला २० जणांपर्यंत कारण न देता नाकारता येत. सरकार पक्षाला नाकारण्याचा तसा हक्क नव्हता, पण नाव पुकारल्यावर ‘बाजूला उभे राहा’ म्हणता येई, आणि तसं कितीही जणांना म्हणता येई. यादी पुरून उरेल इतकी लांब असली की बाजूला उभा केलेला माणूस परत आत येतच नाही. पीटर ओब्रायन नावाचे वकील सरकारच्या बाजूनं या कामात इतके वाकबगार झाले की लोक त्यांना ‘पीटर द पॅकर’ म्हणू लागले, म्हणजे पेटी भरावी तशी ज्युरीची बाकं भरणारा. मामट्रासनाच्या खटल्यात सरकारी वकिलांच्या फळीत ते होतेच. पुढे ते आयर्लंडचे सरन्यायाधीश झाले. टोपणनाव मात्र सुटलं नाही.

नोव्हेंबरात खटला डब्लिनच्या ग्रीन स्ट्रीट न्यायालयात उभा राहिला. १८०३ मध्ये आयरिश बंडखोर रॉबर्ट एमेटला शिक्षा झाली ती याच इमारतीत. न्यायाधीश चार्ल्स बॅरी. सरकारतर्फे अॅटर्नी जनरल विल्यम मूर जॉन्सन, आणि कागदांची सगळी जुळवाजुळव क्राउन सॉलिसिटर, म्हणजे खटला तयार करणारे सरकारी वकील, जॉर्ज बोल्टन यांच्या हाती. बचावाला ट्युअमचे सॉलिसिटर हेन्री कॉन्कॅनन, आणि बॅरिस्टर मॅली व स्ट्रिच.

खटला तोंडावर आला तेव्हा दहा आरोपींतले दोघे फुटले: अँथनी फिलबिन आणि टॉम केसी. माफीचे साक्षीदार. इथे थोडं थांबायला हवं, कारण माझ्या मते खटल्याचा खरा सांधा हा आहे. साथीदाराच्या साक्षीवर एकटीवर विसंबू नये, तिला बाहेरचा दुजोरा हवा, ही सावधगिरी तेव्हाही न्यायालयं पाळत. इथे दुजोरा कोणाचा? त्या तीन जॉइसांचा. आणि त्या तिघांना दुजोरा कोणाचा? फिलबिन आणि केसीचा. वरवर पाहता दोन स्वतंत्र धागे एकमेकांना बळ देतात. पण माफी हवी असणाऱ्याला सरकारकडे आधीच असलेली दहा नावं ठाऊक होती. ती दहा नावं सांगितली तर माफी, कमी-जास्त सांगितली तर सरकारच्या दृष्टीनं साक्षच निकामी. दोन वर्षांनी टॉम केसीनं उघडपणे सांगितलं ते नेमकं हेच: खरं होतं तेवढं सांगायला तयार झालो तर ते घेतलं गेलं नाही, अँथनीच्या साक्षीशी जुळेल असंच हवं होतं. अशा वेळी साक्षी जुळतात याचा अर्थ त्या खऱ्या आहेत असा होत नाही. एकाच यादीवरून दोन प्रती काढल्या तर त्या जुळणारच.

दुसरा सांधा कागदाचा. वाचलेल्या पॅट्सीनं आणि मरणाऱ्या मायकेलनं सुरुवातीलाच सांगितलं होतं की आत आलेल्या माणसांची तोंडं काळी केलेली होती, आणि त्यांना कोणी ओळखता आलं नाही. या दोन जबान्या बचाव पक्षाच्या हाती पडल्या नाहीत. त्या हाती असत्या तर काय झालं असतं ते सरळ आहे. मारेकऱ्यांनी चेहरे रंगवले असतील, तर रात्री लांबून चेहरे ओळखले म्हणणाऱ्या तीन साक्षीदारांना पहिल्याच प्रश्नाला अडवता आलं असतं: तोंडं काळी होती का? हो म्हटलं तर ओळखलं कसं, नाही म्हटलं तर त्या घरातली मुलं खोटं का बोलतील? हा प्रश्न विचारलाच गेला नाही, कारण विचारायला आधार काय आहे हे कॉन्कॅनन यांना ठाऊकच नव्हतं.

पॅट्सीला न्यायालयात आणलं होतं. त्याला शपथेचा अर्थ विचारला, खोटं बोलणाऱ्याचं मेल्यावर काय होतं हे विचारलं. धर्मशिक्षणातली अपेक्षित उत्तरं त्याला देता आली नाहीत, म्हणून साक्षीला अपात्र ठरवून परत पाठवलं. घरात हजर असलेला एकमेव जिवंत माणूस असा साक्षीविना गेला.

तिसरी गोष्ट क्रमाची. सगळ्यांना एकत्र उभं न करता सरकारनं एकेकाचा खटला वेगळा चालवला, आणि कोणाचा आधी हे सरकारनंच ठरवलं. पहिला पॅट्रिक जॉइस, दुसरा पॅट्रिक केसी, तिसरा माइल्स. १३ नोव्हेंबरला सुरू होऊन १८ तारखेपर्यंत तिन्ही संपले. न्यायाधीश तेच, साक्षीदार तेच, वाक्यंही जवळजवळ तीच. ज्युरी मात्र दरवेळी नवी. पण त्या ज्युरीतल्या प्रत्येकानं आदल्या दिवशीचं वर्तमानपत्र वाचलेलं. ज्या साक्षीवर दोघे दोषी ठरले, तीच साक्ष तिसऱ्याच्या बाबतीत खोटी मानायची तर आधीच्या दोन ज्युरींनाही खोटं पाडायचं. एवढी उठाठेव कोण करतो? माइल्सच्या ज्युरीनं सहा मिनिटांत निकाल दिला.

आता भाषेकडे येऊ. न्यायालयात दुभाषा होता, तो पोलीस दलातला शिपाई. आयरिशमध्ये दिलेल्या साक्षी न्यायालयाला समजाव्यात म्हणून त्याची नेमणूक. उलट दिशेचं, म्हणजे इंग्रजीत चाललेलं आरोपीला समजावून सांगण्याचं काम कोणाकडे नव्हतं. पहिल्या दोन आरोपींची गोष्ट थोडी वेगळी. माइल्सला मात्र आयरिशखेरीज काही येत नव्हतं, आणि खटला चालू असताना तो मान खाली घालून बसून होता असं बातमीदारांनी लिहिलं आहे. निकालानंतर, शिक्षा का देऊ नये यावर काही म्हणायचं आहे का, हे विचारताना मात्र दुभाषा पुढे आला. माइल्स जे बोलला त्याचा मतलब: देवाची आणि कुमारी मातेची शपथ, या कृत्याशी माझा अजून न जन्मलेल्या माणसाइतकाही संबंध नाही.

पण समजा, प्रत्येक वाक्य त्याला कानात सांगितलं असतं. तो करणार काय होता? त्या काळच्या कायद्यात खुनाच्या आरोपीला स्वतःच्या बचावासाठी शपथेवर साक्ष देताच येत नसे. इंग्लंडमध्ये ही मनाई १८९८ साली उठली, पण त्या कायद्यातून आयर्लंडला वगळलं होतं. आयर्लंडच्या दक्षिण भागात तो हक्क १९२४ साली, ब्रिटिश राजवट जाऊन स्वतंत्र राज्य आल्यावर मिळाला. फौजदारी अपिलाचं न्यायालयही तेव्हाचंच. म्हणजे १८८२ च्या माइल्सला उत्तम इंग्रजी येत असतं तरी पिंजऱ्यातून ‘हा चुलतभाऊ माझ्यावर डूख धरून आहे’ असं शपथेवर सांगता आलं नसतं, आणि सहा मिनिटांच्या निकालावर दाद मागायला वरचं न्यायालयही नव्हतं. भाषा कळली असती तर एक फायदा नक्की होता: वकिलाच्या कानात ‘हे विचारा’ म्हणता आलं असतं. तो फायदा लहान नाही. तरीही दाबलेली जबानी आणि आधीच लिहिलेली नावांची यादी त्यानं हलली नसती.

माइल्सच्या निकालानंतर उरलेल्या पाच जणांना काय होणार ते स्पष्ट झालं. क्लॉनबरचे पाद्री फादर मॅकह्यू यांच्या सल्ल्यानं त्यांनी गुन्हा कबूल केला: मार्टिन जॉइस, पॉडीन जॉइस, टॉम जॉइस, मायकेल केसी आणि जॉन केसी. मार्टिन आणि पॉडीन हे माइल्सचेच भाऊ. पाचांनाही फाशी ठोठावली गेली आणि नंतर ती जन्मठेपेत बदलली. ही कबुली पुढे अनेक वर्षं पुरावा म्हणून मिरवली गेली, ‘निर्दोष होते तर कबूल का केलं’ म्हणून. सहा मिनिटांचं उदाहरण डोळ्यांसमोर असताना जिवाच्या बदल्यात दिलेल्या कबुलीचं मोल काय, ते वाचकानंच ठरवावं.

फाशीच्या दोन-तीन दिवस आधी गॉलवेच्या तुरुंगात पॅट्रिक जॉइस आणि पॅट्रिक केसी या दोघांनी दंडाधिकाऱ्यापुढे लेखी सांगितलं की आम्ही त्यात होतो, माइल्स नव्हता. स्वतःच्या सुटकेची आशा संपलेल्या माणसांचं हे सांगणं. माइल्सच्या बायकोनं व्हाइसरॉय अर्ल स्पेन्सर यांच्याकडे याचना केली, तिचं पत्र फ्रीमन्स जर्नल या वर्तमानपत्रात छापूनही आलं. स्पेन्सरकडून तार आली: कायदा आपल्या मार्गानं जाईल.

१५ डिसेंबर १८८२. फाशी देणारा विल्यम मारवुड, माणसाच्या वजनावरून दोराची लांबी ठरवून मान तत्काळ मोडण्याची पद्धत रुळवणारा. त्या पद्धतीला एक अट असते: फास कानाखाली नेमक्या जागी राहायला हवा. माइल्स शेवटपर्यंत आयरिशमध्ये बोलत राहिला, मान वळवत राहिला. फळी पडली तेव्हा दोर त्याच्या हाताला अडकला आणि फास सरकला. इतर दोघे तत्काळ गेले, माइल्स गुदमरत राहिला, आणि मारवुडनं पायानं दोर मोकळा केल्याचं बातमीदारांनी नोंदवलं. तो तुरुंग आता नाही. त्या जागी १९६५ साली गॉलवेचं कॅथेड्रल उभं राहिलं, शेजारी मोटारी लावायची जागा. काही ठिकाणी माइल्सला सत्तरीचा म्हातारा म्हणून रंगवलेलं आढळतं, तेही चूक. तो चाळिशीच्या आसपासचा होता आणि बायको गरोदर होती.

ऑगस्ट १८८४ मध्ये टूरमकेडीच्या चर्चमध्ये ट्युअमचे आर्चबिशप मॅकएव्हिली आले असता टॉम केसी मेणबत्ती हातात घेऊन पुढे झाला आणि सगळ्यांसमोर म्हणाला, मी खोटी साक्ष दिली. खासदार टिम हॅरिंग्टन मामट्रासनात जाऊन आले, गावकऱ्यांशी बोलले, वाटा स्वतः पाहिल्या, आणि त्याच वर्षी पुस्तिका छापली. सरकारी वकिलांसाठी छापलेली कागदपत्रांची प्रत त्यांच्या हाती लागली होती, आणि काळ्या तोंडांची जबानी त्यातूनच उजेडात आली. ऑक्टोबरात संसदेत चर्चा झाली, चौकशीची मागणी मतदानात पडली. जुलै १८८५ मध्ये आयरिश खासदारांचे नेते पार्नेल यांनी विषय पुन्हा काढला. तोवर पंतप्रधान ग्लॅडस्टन जाऊन टोरींचं, म्हणजे हुजूर पक्षाचं सरकार आलं होतं आणि त्यांना आयरिश मतं हवी होती. रँडॉल्फ चर्चिलसारख्या टोरी नेत्यांनी भर सभागृहात स्पेन्सरशी अंतर राखलं. राजकारणाला त्याचा उपयोग झाला, कैद्यांना नाही. निकाल जागचा हलला नाही.

मायकेल केसी आणि जॉन केसी तुरुंगातच वारले. मार्टिन, पॉडीन आणि टॉम १९०२ साली, वीस वर्षांनी सुटले. यांतल्या मायकेल केसीचा हात हत्येत होता हे सहसा कोणी नाकारत नाही. बाकी चौघे निर्दोष होते असंच आज बहुतेक अभ्यासक मानतात.

ब्रिटनमध्ये लॉर्ड एव्हबरी आणि लॉर्ड आल्टन यांनी प्रकरण पुन्हा तपासावं म्हणून पाठपुरावा केला. आयर्लंडच्या सरकारनं डब्लिनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजमधल्या कायद्याच्या अभ्यासक डॉ. नीव्ह हाउलिन यांच्याकडून अहवाल घेतला. त्यांनी आजची मापं न लावता १८८२ च्याच कायद्यानं आणि प्रथेनं खटला तोलला, आणि तरीही दोषसिद्धी टिकणारी नाही असं नोंदवलं. आयर्लंडमध्ये माफी राष्ट्राध्यक्ष देतात, पण सरकारच्या सल्ल्यानंच. तसा सल्ला मिळाल्यावर मायकेल डी. हिगिन्स यांनी ४ एप्रिल २०१८ रोजी माइल्स जॉइसला मरणोत्तर माफी दिली. राज्याच्या स्थापनेपूर्वीच्या खटल्यात अशी माफी ही पहिलीच. माफीपत्रात नाव फक्त माइल्सचं आहे. त्याच्या दोन भावांचं, टॉमचं आणि जॉन केसीचं त्यात नाही.